भगव्या कपड्यातला खासदार

१७ सप्टेंबर. आमच्या दापोड्यात या तारखेला विशेष काही नसतं. मांकोली नाक्याकडून आत वळलं की नेहमीसारखी कंटेनरची रांग, गोडाऊनची शटरं वर, आणि स्कॅनर बंद पडला की सॉफ्टवेअरवाला म्हणून माझ्या नावाने शिमगा. पण आमच्याकडे लोडिंगला असलेली बरीच मुलं लातूर-नांदेडकडची आहेत. त्यांच्या मोबाईलवर त्या दिवशी सकाळपासून झेंडावंदनाचे फोटो फिरत असतात. त्यातला एकजण एकदा म्हणाला, "सर, तुमचं स्वातंत्र्य पंधरा ऑगस्टचं. आमचं तेरा महिन्यांनंतरचं."

गंमत बघा, पलीकडे भिवंडी गावात गेलात तर पॉवरलूमवर तेलंगणातून आलेली पद्मशाली मंडळी पिढ्यान् पिढ्या भेटतात. म्हणजे करीमनगर-वरंगळची माणसं आणि नांदेड-लातूरची माणसं आज आमच्या ठाणे जिल्ह्यात कामाला आहेत, आणि १९४८ पर्यंत ही सगळी एकाच राजाची प्रजा होती. निजामाचं हैदराबाद संस्थान. १६ जिल्हे: तेलुगू ८, मराठी ५, कानडी ३. प्रजेतले बहुसंख्य लोक हिंदू, राजा मुसलमान, आणि कारभाराची भाषा उर्दू. शाळेत आपल्याला 'सरदार पटेलांनी पोलीस ॲक्शन केली' या एका वाक्यात हे संस्थान संपवून दाखवतात. त्या वाक्याच्या आधी दहा वर्षं जो माणूस तिथे लढत होता तो संन्यासी होता, आणि नंतर तोच दोनदा लोकसभेवर निवडून गेला. स्वामी रामानंद तीर्थ.

पूर्वाश्रमीचं नाव व्यंकटेश भगवानराव खेडगीकर. जन्म ३ ऑक्टोबर १९०३, विजापूर जिल्ह्यातल्या सिंदगीचा. शिक्षण सोलापुरात. १९२० साली टिळक गेले, पाठोपाठ असहकाराची चळवळ आली, आणि पोराने सरकारी शाळा सोडली. मग अमळनेर, पुणे, आणि कामगार पुढारी ना. म. जोशी यांच्याबरोबर काम. म्हणजे सुरुवात मठातून नाही, कामगार चळवळीतून! तब्येतीने दगा दिल्यावर ते निजामाच्या राज्यात आले, उस्मानाबाद (आता धाराशिव) जिल्ह्यातल्या हिप्परग्याच्या राष्ट्रीय शाळेत. तिथे असतानाच संन्यास घेतला. वय तिशीच्या आत. (मी त्याच वयाचा आहे आणि अजून एक क्रेडिट कार्डही सोडवत नाही. असो.) पुढे मोमिनाबादला, म्हणजे आजच्या अंबाजोगाईला, पुन्हा शाळाच.

आता प्रश्न असा, की ज्याने सगळं सोडलं त्याने राजकारणात यावं का? जुन्या हिंदू कायद्यात तर संन्यासी वारसाहक्कापुरता मेलेलाच धरतात. कॅथलिक चर्चने हा गुंता नियम करून सोडवलाय: १९८३ च्या त्यांच्या धर्मसंहितेप्रमाणे पाद्र्याला सत्तेचं पद घेता येत नाही. पॅराग्वेचे बिशप फर्नांडो लुगो २००८ मध्ये अध्यक्ष झाले, तर त्यांना आधी पाद्रीपण उतरवून ठेवावं लागलं. उलट सायप्रसमध्ये आर्चबिशप मकारिओस १९६० साली पहिले राष्ट्राध्यक्ष झाले आणि आर्चबिशपही राहिले. आपल्याकडे असं कुठलंच ऑफिस नाही जे संन्याशाला परवानगी देईल किंवा नाकारेल. ज्याचं त्याने ठरवायचं. आणि स्वामीजींनी ते कसं ठरवलं, ते १९३८ मध्ये दिसतं.

त्या वर्षी हैदराबाद स्टेट काँग्रेस निघायची होती. निघायच्या आधीच सरकारने बंदी घातली. कारण? ही संघटना जातीय आहे म्हणे. ऑक्टोबरमध्ये सत्याग्रह सुरू झाला, स्वामीजी तुरुंगात गेले. पण त्याच सुमारास आर्य समाज आणि हिंदू महासभेनेही आपापले सत्याग्रह निजामाविरुद्ध सुरू केले. एकाच राज्यात, एकाच राजाविरुद्ध तीन सत्याग्रह! बाहेरून बघणाऱ्याला कोणाचा कुठला हे कसं कळणार? गांधीजींनी हे ओळखलं आणि स्टेट काँग्रेसला सत्याग्रह थांबवायला सांगितला. डिसेंबरमध्ये तो थांबलाही. आर्य समाजाचा मात्र पुढच्या वर्षीपर्यंत चालू राहिला.

मला हा सगळ्या गोष्टीतला सर्वात अवघड क्षण वाटतो. विचार करा, पुढारी भगव्यात, प्रजा बहुसंख्य हिंदू, राजा मुसलमान. धर्माच्या नावाने हाक दिली असती तर गर्दी आपोआप जमली असती, आणि हाक द्यायला यांच्याइतका योग्य वेश कोणाचाच नव्हता. पण स्वामीजींची मागणी शेवटपर्यंत जबाबदार राज्यपद्धतीचीच राहिली, म्हणजे लोकांनी निवडलेलं सरकार. धर्माची नाही. बंदी उठायला १९४६ उजाडलं. मधली आठ वर्षं बेकायदा पक्ष चालवायचा आणि अधूनमधून तुरुंगात जायचं.

१५ ऑगस्ट १९४७ ला हैदराबादमध्ये तिरंगा फडकवून ते पुन्हा अटकेत. नोव्हेंबरच्या २९ तारखेला निजाम आणि भारत सरकारमध्ये जैसे थे करार झाला तेव्हा सुटले, आणि जानेवारी १९४८ मध्ये परत आत. बाहेर रझाकारांचा धुमाकूळ. त्यांचा पुढारी कासिम रझवी हा लातूरला वकिली केलेला माणूस! लढ्याच्या दुसऱ्या बाजूला सरहद्दीवर कँप उभे राहिले होते, तिथे बंदुकाही होत्या. सूत्रं कृती समितीकडे, त्यात गोविंदभाई श्रॉफांसारखे लोक. गांधीजींच्या शिस्तीत हे बसत नाही, आणि स्वामीजींवर लिहिणाऱ्यांनी ते झाकू नये असं माझं मत.

आणखी एक नाव इथे घ्यायलाच हवं. शोएबुल्ला खान. 'इमरोज' या उर्दू दैनिकाचा तरुण संपादक. हैदराबादने भारतात यावं असं लिहिलं म्हणून ऑगस्ट १९४८ मध्ये रझाकारांनी त्याला ठार केलं. हा लढा हिंदू विरुद्ध मुसलमान होता असं कोणी सांगायला लागलं की मला हा माणूस आठवतो.

१३ सप्टेंबरला फौजा शिरल्या, १७ ला निजाम शरण आला, स्वामीजी सुटले. फोटोंमध्ये गोष्ट इथे संपते. प्रत्यक्षात त्यानंतरच्या दिवसांत मुसलमानांच्या कत्तली झाल्या. नेहरूंनी पाठवलेल्या सुंदरलाल समितीने मेलेल्यांचा आकडा २७ ते ४० हजारांच्या घरात धरला, आणि सर्वात जास्त झळ बसलेल्या जिल्ह्यांत उस्मानाबाद आणि नांदेड होते. म्हणजे स्वामीजींचं स्वतःचं कार्यक्षेत्र. दहा वर्षं धर्म बाजूला ठेवून चालवलेल्या चळवळीच्या प्रदेशात, विजयाच्या आठवड्यात हे घडलं. तो अहवाल कित्येक दशकं लोकांसमोर आला नाही.

मग नेहमीचं राजकारण. काँग्रेसमध्ये एक गट स्वामीजींचा, दुसरा बुर्गुल रामकृष्ण रावांचा. १९५२ च्या निवडणुकीनंतर मुख्यमंत्री झाले बुर्गुल. स्वामीजी गुलबर्ग्यातून लोकसभेवर गेले, १९५७ ला औरंगाबादमधून. म्हणजे एकदा कानडी मुलखातून, एकदा मराठी मुलखातून, आणि राहायला तेलुगू मुलखात.

अशा माणसाला तीन भाषांचं हैदराबाद एकत्र राहिलेलं सोयीचं होतं, नाही का? त्याचं सगळं वजन त्याच राज्यात. नेहरूंनाही ते राज्य मोडायचं नव्हतं. तरी स्वामीजींनी मागणी लावून धरली की राज्य मोडा आणि ज्याचे जिल्हे त्याच्या भाषेकडे द्या, कारण लोकांचा कारभार लोकांच्या भाषेत चालला पाहिजे. १ नोव्हेंबर १९५६ ला तसंच झालं. मराठवाडा मुंबई राज्यात आला, बाकीचे दोन तुकडे म्हैसूर आणि आंध्रकडे गेले. या माणसाचा मतदारसंघ, पक्षाची प्रांतिक शाखा, कार्यकर्त्यांचं जाळं, सगळं तीन राज्यांत विभागलं गेलं. १९६२ नंतर ते संसदेत नव्हते. मला विचाराल तर त्यांचा खरा संन्यास हा होता, हिप्परग्याचा नव्हे.

२२ जानेवारी १९७२ ला ते हैदराबादमध्येच वारले. त्यांच्याच तालमीत तयार झालेले पी. व्ही. नरसिंह राव तेव्हा आंध्र प्रदेशचे मुख्यमंत्री होते. १९७५ मध्ये शंकरराव चव्हाण महाराष्ट्राचे मुख्यमंत्री झाले, तेही याच लढ्यातून आलेले. स्वामीजी स्वतः कधी साधे मंत्रीही झाले नाहीत.