शून्यं मोजण्यापासून सुटका: घातांकाची छोटीशी गोष्ट

एमएस्सीला असताना मी एका द्रावणाची तीव्रता वहीत ०.०००००२५ मोलर अशी लिहिली होती. दोन आठवड्यांनी तोच आकडा दुसऱ्या पानावर उतरवताना एक शून्य गळलं. द्रावण दहापट तीव्र झालं आणि तीन दिवसांची मोजमापं वाया गेली. मॅडम एवढंच म्हणाल्या, "शून्यं मोजत बसू नकोस, घात लिही." म्हणजे २.५ × १०^-६. (इथे ^ नंतरचा आकडा हा घातांक.)

ही सोय आली कुठून? सायमन स्टेव्हिनने १५८५ मध्ये दशांश अपूर्णांकांवर एक छोटी पुस्तिका काढली. तो दशांश चिन्ह वापरत नव्हता. २७.८४७ लिहिताना तो २७ पुढे वर्तुळात शून्य, ८ पुढे वर्तुळात एक, ४ पुढे दोन, ७ पुढे तीन असं लिही. नीट बघा, वर्तुळातला आकडा म्हणजे आपला आजचा ऋण घातांकच, फक्त उणे चिन्ह नाही! देकार्तने १६३७ मध्ये अक्षराच्या डोक्यावर घातांक लिहायची आजची पद्धत रूढ केली आणि न्यूटनने १६७६ च्या एका पत्रात ऋण घातांक सरळ वापरले. म्हणजे साहित्य सगळं तयार होतं.

खरी निकड दिसते ती एकोणिसाव्या शतकात. १८६८ मध्ये ऑन्गस्ट्रॉमने सूर्यप्रकाशाच्या वर्णपटाचा नकाशा छापला. सोडियमच्या पिवळ्या प्रकाशाची तरंगलांबी मीटरमध्ये ०.००००००५८९ येते. त्याने मिलिमीटरचा एक कोटीवा भाग हे माप धरलं आणि आकडा ५८९० च्या आसपास आला. शून्यं गेली! पण प्रत्येकाने असं आपापलं माप काढलं, तर एकमेकांचे आकडे जुळवायचे कसे?

१८७३ मध्ये ब्रिटिश असोसिएशनच्या समितीने सेंटिमीटर, ग्रॅम, सेकंद ही एकच पद्धत सुचवली. समितीत मॅक्सवेल होते, विल्यम थॉमसन (पुढचे लॉर्ड केल्व्हिन) होते. एकच माप सगळीकडे वापरायचं म्हटलं की आकडे फार मोठे किंवा फार छोटे येणार, हे त्यांना माहीत होतं. म्हणून दशलक्षपटीसाठी 'मेगा', दशलक्षांशासाठी 'मायक्रो' ही उपपदं आली. शिवाय समितीतल्या स्टोनी यांची युक्तीही अहवालात आहे: १०^९ ग्रॅम म्हणजे 'ग्रॅम-नऊ' आणि १०^-९ ग्रॅम म्हणजे 'नववा-ग्रॅम'. घातांक थेट बोलीतच!

'मायक्रो' टिकलं, 'नववा-ग्रॅम' विस्मरणात गेला. मला वाटतं त्याचं कारण साधं आहे. नावांचा गुणाकार होत नाही. घातांकांची मात्र नुसती बेरीज केली की काम होतं. १०^-९ गुणिले १०^४ म्हणजे १०^-५, संपलं. १९०९ मध्ये सोरेन्सेनने तर पुढचं पाऊल टाकलं. त्याने दहा आणि उणे चिन्ह दोन्ही सोडून फक्त घातांक ठेवला. तोच आपला पीएच.

आता सगळ्यात महत्त्वाचं. या लेखनाने नुसती जागा वाचत नाही. मिलिकनने १९१३ मध्ये इलेक्ट्रॉनचा प्रभार जुन्या स्थितिविद्युत एककात ४.७७४ × १०^-१० असा दिला. आजची किंमत साधारण ४.८०३ × १०^-१०. हवेच्या चिकटपणाची किंमत किंचित चुकीची धरल्याने त्याचा आकडा कमी आला होता. घातांक बरोबर होता, चूक पुढच्या अंकांत होती. ०.०००००००००४७७४ असं लिहिलं तर नजर नऊ शून्यांतच अडकते. शास्त्रीय लेखनात 'केवढं' आणि 'किती अचूक' हे दोन प्रश्न वेगळे होतात.

म्हणून रूपांतर करताना दोन गोष्टी पाळा. पहिला शून्येतर अंक चिन्हाच्या डावीकडे येईपर्यंत दशांश चिन्ह उजवीकडे सरकवा. जितकी घरं सरकलात, तितका ऋण घातांक. आणि शेवटचं शून्य खाऊ नका. ०.०००२५० म्हणजे २.५० × १०^-४. २.५ लिहिलंत तर तुम्ही घेतलेलं एक अंकाचं मोजमाप तुम्हीच फेकून दिलंत.

माझं ते पान अजून वहीत आहे. गळलेल्या शून्याच्या जागी लाल शाईने २.५ × १०^-६ लिहिलंय.