शोभना समर्थ : नूतन-तनुजांच्या मातोश्री

मूळ नाव सरोज शिलोत्री. मराठी-हिंदी अभिनेत्री, निर्माती व दिग्दर्शिका. मुंबईच्या सुखवस्तू घरात जन्म. वडील प्रभाकर शिलोत्री बँकव्यवसायात होते. कोल्हापूर सिनेटोनच्या ‘विलासी ईश्वर’मधून (१९३५) त्या पडद्यावर आल्या. विजय भट्ट यांच्या ‘रामराज्य’मधील (१९४३) सीतेने मात्र त्यांना घराघरांत नेले, सीतेच्या वेषातील त्यांची छबी दिनदर्शिकांवरही झळकली.

पती, दिग्दर्शक कुमारसेन समर्थ यांच्यापासून त्या पुढे विभक्त झाल्या. मुलींना रुपेरी पडद्यावर आणले ते त्यांनीच : नूतनसाठी ‘हमारी बेटी’ (१९५०), तनुजासाठी ‘छबीली’ (१९६०). दोन्हींचे दिग्दर्शनही त्यांचेच; मुलींच्या कीर्तीत ही बाजू झाकोळली, हे काहीसे अन्यायाचेच.

या घराला वैभवासोबत कलहही भोगावा लागला. पैशांच्या व्यवहारावरून मायलेकींत बिनसले, वाद न्यायालयात गेला. सीता म्हणून पुजली गेलेली आई आणि ‘सुजाता’, ‘बंदिनी’ गाजवणारी लेक यांच्यातला हा दुरावा वर्षानुवर्षे टिकला. १९८३मध्ये समेट झाला. पण १९९१मध्ये नूतन यांचे कर्करोगाने निधन झाले. आई त्यानंतर नऊ वर्षे जगली. ९ फेब्रुवारी २००० रोजी पुण्यात शोभनाबाईंचे निधन झाले. तोवर नात काजोल आघाडीची नायिका झाली होती.