मराठा आरमार

पाली हे राजगडाच्या पायथ्याचे गाव (ता. राजगड, पूर्वीचा वेल्हे), गडाचा पाली दरवाजा त्याच्याच नावाचा. इथून समुद्र घाटापलीकडे, तरी आरमार उभे राहिले ते स्वराज्याची राजधानी राजगडावर असताना. 1657 मध्ये कल्याण-भिवंडी हाती आली आणि खाडीकाठी जहाजबांधणी सुरू झाली. 1664 मध्ये सिंधुदुर्गाची पायाभरणी झाली.

ताफ्याचा कणा म्हणजे गुराब आणि गलबत. गुराब दोन-तीन डोलकाठ्यांची, पुढे निमुळत्या नाळेवर तोफा रोखलेली. गलबत लहान, हलके. वारा पडला तरी वल्ह्यांवर पळणारे आणि उथळ खाडीत सहज शिरणारे. किनाऱ्यावरच्या गस्तीला याहून सोयीचे वाहन नव्हते. भर समुद्रात मात्र युरोपीय जहाजांच्या तोफा भारी पडत.

ऑक्टोबर 1679 मध्ये खांदेरी बेटाजवळ ही सोय आणि ही मर्यादा, दोन्ही दिसले. मराठ्यांनी इंग्रजांची ‘डव्ह’ ही गुराब पकडली. ‘रिव्हेंज’ने मात्र गलबतांना पिटाळले. बेट मराठ्यांकडेच राहिले.

पुढे कान्होजी आंग्रे यांनी (मृत्यू 1729) आरमाराचा दरारा वाढवला. या दराऱ्याचा शेवट मात्र कडू आहे. तुळाजी आंग्र्यांविरुद्ध पेशव्यांनीच इंग्रजांशी हातमिळवणी केली आणि फेब्रुवारी 1756 मध्ये विजयदुर्गाच्या खाडीत आंग्र्यांचा ताफा जळून गेला.