ओडोची शिकवण आणि न दिसणारी भिंत

आज ज्या विचारपरंपरेचा इतिहास तुम्हांला सांगायचा आहे, ती या पृथ्वीच्या पाठीवर कोठेच जन्मली नाही. तिची संस्थापिका ओडो नावाची बाई. ती कधी जगलीच नाही. तिचे अनुयायी ज्या अनारेसवर राहतात तो कोणत्याही पंचांगात सापडायचा नाही. तुम्ही म्हणाल, जे घडलेच नाही त्याचा इतिहास कसला? प्रश्न रास्त आहे. पण एखादा चांगला विचार माणसांच्या हाती पडला, म्हणजे पाच-सहा पिढ्यांत त्याचे काय होते, हे खऱ्या इतिहासात लढाया, दुष्काळ आणि राजेरजवाडे यांच्या गर्दीत नीट दिसत नाही. कल्पनेतल्या इतिहासात तो विचार एकटा काढून, हातात धरून पाहता येतो.

हा इतिहास रचला उर्सुला ले ग्विन या अमेरिकन लेखिकेने. तिचा जन्म १९२९ चा, मृत्यू २०१८ चा. वडील आल्फ्रेड क्रोबर हे मानववंशशास्त्राचे नामांकित प्राध्यापक. निरनिराळ्या समाजांच्या चालीरीती समजून घेण्याची दृष्टी तिला घरातच मिळाली असावी. १९७४ साली तिची 'द डिसपझेस्ड' ही कादंबरी निघाली. ज्यांच्यापाशी स्वतःचे असे काही नाही ते लोक, असा या नावाचा एक अर्थ.

ओडोचा विचार मात्र हवेतून आलेला नाही. त्याची मुळे लेखिकेने स्वतःच सांगितली आहेत: चीनमधला जुना ताओ विचार, कवी शेली, एमा गोल्डमन, पॉल गुडमन आणि क्रोपोटकिन. हा क्रोपोटकिन जन्माने रशियन सरदारपुत्र. तरुणपणी तो सैबेरियात नोकरीला होता. तिथल्या कडाक्याच्या थंडीत त्याने प्राण्यांचे जीवन पाहिले. जगण्यासाठी सारे एकमेकांच्या नरडीला लागतात, असे त्या काळी पुष्कळ विद्वान म्हणत. याला दिसले ते एकमेकांच्या आधाराने तगणारे कळप. १९०२ साली 'परस्पर साहाय्य' या विषयावरचा त्याचा ग्रंथ निघाला. माणसाला माणसाची मदत करायला शिपाई लागत नाही, हे त्याचे म्हणणे. यालाच अराज्यवाद म्हणतात. नाव ऐकून दचकू नका; यात लूटमार नाही, हुकूम नाही एवढेच.

आता कथेतल्या इतिहासाकडे वळू. उर्रास हा सुपीक, श्रीमंत ग्रह. अनारेस हा त्याच्या आकाशातला चंद्र, रुक्ष आणि धुळीचा. उर्रासवर ओडोने बंड उभारले. नऊ वर्षे ती तुरुंगात होती, तिथेच तिने आपला मोठा ग्रंथ लिहिला. तिच्या मृत्यूनंतर राज्यकर्त्यांनी तिच्या अनुयायांना चंद्र देऊन टाकला. ब्याद टळली! बारा जुनी याने वीस वर्षे खेपा घालीत होती, तेव्हा कुठे दहा लाख माणसे पलीकडे पोहोचली.

तिथे त्यांनी सरकार, पोलीस, तुरुंग, पैसा यांपैकी काही ठेवले नाही. अवघड आणि घाण कामे सर्वांनी पाळीपाळीने करायची, दर दहा दिवसांत एक दिवस. आपण ज्याला श्रमदान म्हणतो तसेच. भाषासुद्धा नवी घडवली. तीत 'माझे-तुझे' जवळजवळ नाही. लहान मूल 'माझा रुमाल' म्हणत नाही, 'मी वापरतो तो रुमाल' म्हणते. घरात एक दिवस 'माझे' हा शब्द न उच्चारता बोलून पाहा, बरे का; दुपारपर्यंत तोंड बंद पडेल. 'नफेखोर' ही तिथली शिवी. आणि मुलांना रागवायचे ते 'मीपणा करू नकोस' असे म्हणून.

इथेच शिक्षक मंडळींनी थोडे थांबावे. शेवेक नावाचा आठ वर्षांचा मुलगा. मुले गोल करून बसली आहेत, ज्याने त्याने काही बोलायचे आहे. हा उभा राहून सांगतो की झाडावर दगड मारला तर तो झाडाला कधी लागणारच नाही. कारण आधी त्याला अर्धे अंतर कापले पाहिजे, मग उरलेल्याचे अर्धे, मग त्याचेही अर्धे. हे कोडे ग्रीसमधल्या झेनोला सुमारे अडीच हजार वर्षांपूर्वी सुचले होते. ते या पोराला आपले आपण सुचले! गुरुजींनी त्याला उचलून घ्यायला हवे होते. पण ते म्हणतात, बोलणे म्हणजे वाटून घेणे, तू नुसता मीपणा करतो आहेस; आणि त्याला तिथून बाहेर काढतात. छडी नाही, शिवी नाही. ओडोच्याच शिकवणीतला शब्द, पण तो मुलाच्या तोंडावर झाकणासारखा बसला.

पुढे शेवेक मोठा पदार्थविज्ञानी होतो, तेव्हा हेच मोठ्या मापाने घडते. त्याचे लेखन छापायचे की नाही हे साबुल नावाचा वरिष्ठ ठरवतो आणि त्यावर आपलेही नाव घालतो. तिरिन हा त्याचा मित्र एक नाटक लिहितो. लोकांना ते रुचत नाही. मग त्याला एकामागून एक अंगमेहनतीचीच कामे मिळतात आणि शेवटी तो मनाने मोडतो. कायदा तर नाहीच, मग शिक्षा केली कोणी? शेजाऱ्यांनी. लोक काय म्हणतील, या भीतीने. दुष्काळात कोणाला किती शिधा द्यायचा याच्या याद्या करण्याचे काम शेवेकवर येते, तो ते सोडून देतो. याद्या करायला दुसरा कोणीतरी मिळतोच.

ही कीड नंतर लागली असे मात्र समजू नका. त्याच वर्षी लेखिकेने ओडोच्या अखेरच्या दिवसाची एक कथा लिहिली. ओडो म्हातारी झाली आहे, एका बाजूने अधू. सगळे अनुयायी दाटीवाटीने राहतात. तिला मात्र ऐसपैस स्वतंत्र खोली. तिला कळते की हे आपल्याच शिकवणीच्या विरुद्ध आहे, पुढारीपूजा मागच्या दाराने आत आली आहे. आणि तरीही ती खोली तिला आवडते. मला वाटते, ही छोटी कथा लिहिण्यात लेखिकेने मोठे धैर्य दाखवले आहे. आपण घडवलेल्या साध्वीला तिने माणूस राहू दिले.

अनारेसच्या यानतळाभोवती एक दगडी भिंत आहे. तिला दरवाजा नाही आणि लहान मूलही चढून जाईल इतकी ती बुटकी आहे. वसाहतीला दीडशेच्या वर वर्षे झाली तरी ती ओलांडून उर्रासला कोणी गेले नव्हते. शेवेक जातो. त्याला द्रोही म्हणून लोक दगड मारतात. उर्रासवर त्याला मान, मेजवान्या, पैसा सारे मिळते. पण आपला शोध एका राज्याला विकण्याऐवजी तो साऱ्या जगांना फुकट देतो आणि परत निघतो. परतीच्या यानात हैन नावाच्या अतिप्राचीन लोकांतला एक परका माणूस त्याच्याकडे येतो. मलाही तुमच्याकडे उतरायचे आहे, म्हणतो. शेवेक त्याला आधी धोका सांगतो, आणि मग बरोबर घेतो.