साखरेतली साल आणि कुटचा वेढा

आज रणांगणाआधी स्वयंपाकघरात जाऊ. निवृत्तीनंतर मी देहरादूनला स्थायिक झालो. हिवाळ्यात इथे डोंगरातला माल्टा येतो, जाड सालीचं संत्रंच म्हणा. त्याच्या साली मी टाकत नाही. बोटभर पट्ट्या कापून तीनदा पाणी बदलत उकळायच्या, म्हणजे कडवटपणा जातो. मग वजनाइतकी साखर आणि थोडं पाणी घालून मंद आचेवर पारदर्शक होईपर्यंत शिजवायच्या, ताटात पसरून वाळवायच्या, वरून साखरेत घोळवायच्या. (केकमधली लाल-हिरवी टुटीफ्रुटी बहुतेक कच्च्या पपईची असते, ती ही नव्हे.) इंग्रजीतला ‘कँडी’ हा शब्दही आपल्याच ‘खंड’वरून, फारसी-अरबी वाटेने तिकडे पोचलेला.

कॅप्टन असताना उंचावरच्या एका ठाण्यावर आईने अशाच सालींचा डबा पाठवला होता. एका जवानाच्या हिरड्यांतून रक्त येत होतं. लिंबूवर्गीय म्हणजे औषध, या समजुतीने मी त्याला रोज दोन पट्ट्या देत राहिलो. आठवड्याने डॉक्टर वर आले. ‘‘सर, ही मिठाई आहे,’’ एवढंच म्हणाले आणि क जीवनसत्त्वाच्या गोळ्या सुरू केल्या. साखर सालीतलं पाणी ओढून घेते, म्हणून बुरशी लागत नाही; वास, रंग टिकतात. जीवनसत्त्व मात्र बरंचसं फेकलेल्या पाण्यातून जातं आणि उरलेलं आचेवर घटतं.

माझ्याआधी ही चूक फार मोठ्या माणसाने केली होती. १७४७ साली ब्रिटिश नौदलाच्या ‘सॅलिसबरी’ जहाजावर डॉक्टर जेम्स लिंड यांनी स्कर्व्ही झालेले बारा खलाशी निवडले आणि दोघादोघांना वेगवेगळे उपाय दिले. रोज दोन संत्री व एक लिंबू मिळालेले दोघे सहा दिवसांत सावरले. १७५३ साली पुस्तक निघालं. पण लांबच्या सफरीवर फळं टिकायची कशी? म्हणून लिंड यांनी रस तासन्‌तास आटवून घट्ट करण्याची कृती सांगितली. तो टिकत असे, गुण मात्र जात असे. साधा लिंबाचा रस द्यायचं ठरवायला नौदलाला १७९५ उजाडलं.

एवढं कळल्यावरही आपली माणसं या रोगाने आजारी पडलीच. डिसेंबर १९१५ मध्ये मेसोपोटेमियात तुर्कांनी कुटला वेढा घातला. आत सहावी पुणे डिव्हिजन होती. तिच्यात १०३वी, ११०वी, ११७वी या मराठा पलटणी. ताजी भाजी, फळं संपली. गोऱ्या सैनिकांनी घोड्याचं मांस खाल्लं, त्या ताज्या मांसातून त्यांना थोडं जीवनसत्त्व मिळालं. आपल्या बहुतेक जवानांनी धर्मापायी ते एप्रिलपर्यंत नाकारलं. तोवर हिंदी पलटणींत स्कर्व्ही पसरली होती. या हट्टाबद्दल त्यांना बोल लावणारे पुष्कळ भेटतात. मला ते पटत नाही. जवान काय खातो हे वरिष्ठांना वेढ्याआधीही ठाऊक होतं, त्याप्रमाणे साठा करणं हे त्यांचं काम.

२९ एप्रिल १९१६ ला कुट पडलं. उपाशी, सुजल्या हिरड्यांचे ते जवान वाळवंटातून पायी कैदेत नेले गेले आणि त्यांतले हजारो परतले नाहीत. त्यांत कोकणा-देशावरचेही होते, ज्यांच्या परसात लिंबाचं झाड असे.