सादायाक्को रंगमंचावर आली

मैत्रिणींनो, आपल्याकडे बालगंधर्व शालू नेसून उभे राहायचे ना, तसंच जपानात. तिथं १६२९ सालापासून बायकांना रंगमंचाची बंदीच होती.

सादायाक्को १८७१ची, तोक्योची. लहानपणीच गेशांच्या घरी दिलेली. नाचगाणं तिथंच शिकली. पुढं नट ओतोजिरो कावाकामीशी लग्न झालं. १८९९मध्ये नाटकमंडळी घेऊन दोघं अमेरिकेला गेली. तिथं मध्यस्थानं कमाईच लांबवली, मंडळी उपाशी राहिली. पण तिथल्या प्रेक्षकांना नायिका म्हणून बाईच बघायची होती. मग हीच उभी राहिली! १९०० साली पॅरिसच्या प्रदर्शनात नवऱ्यापेक्षा हिचंच नाव गाजलं.

मायदेशी १९०८ साली तिनं मुलींना अभिनय शिकवायची शाळा काढली. १९११मध्ये नवरा गेला. विधवेनं आता घरी बसावं, असं बोलणारे तिथंही होतेच. ती मात्र पुढं काही वर्षं नाटकं करत राहिली.