आपला दवाखाना की सर्वांचा दवाखाना?

'प्रत्येक समाजाचं मुंबईत एक हॉस्पिटल आहे, मग आपलं का नाही?' हा प्रश्न आम्ही जयंतीच्या बैठकांत, विहारात आणि लग्नाच्या मांडवातही अनेकदा ऐकला आहे. विचारणाऱ्याची तळमळ खरी असते. केज तालुक्यातल्या नांदूरघाटसारख्या गावातून आजारी माणूस आधी केजला, तिथून अंबाजोगाईला किंवा बीडला आणि शेवटी पुण्या-मुंबईला न्यावा लागतो. अशा वेळी 'आपलं' कुणीतरी तिथे असावं असं वाटणं साहजिक आहे. पण वर्गणीचं पुस्तक छापण्याआधी एक गोष्ट नीट समजून घेतली पाहिजे, असं आम्हाला वाटतं. जातीचे, धर्माचे, जमातीचे दवाखाने का निघाले? त्यांनी कोणाला वाचवलं? आणि त्यांच्या दाराबाहेर कोण राहिलं?

सुरुवात मुंबईतूनच करू. सप्टेंबर १८९६ मध्ये मांडवी भागात प्लेग सापडला. निदान करणारे डॉ. अकॅसिओ व्हिएगस. थोड्याच दिवसांत घरझडत्या सुरू झाल्या आणि रुग्णांना जबरदस्तीने उचलून नेऊ लागले. महापालिकेचं साथीच्या रोगांचं रुग्णालय आर्थर रोडला होतं. तिथे नेलेला माणूस परत येत नाही, तिथे मुद्दाम मारतात, अशी अफवा पसरली. ऑक्टोबर १८९६ मध्ये गिरणी कामगारांच्या जमावाने त्या रुग्णालयावर हल्ला केला. ४ फेब्रुवारी १८९७ ला साथरोग कायदा आला आणि सरकारच्या हातात अफाट अधिकार गेले.

या दहशतीवर तोडगा म्हणून जातवार आणि धर्मवार प्लेग रुग्णालयं पुढे आली. मार्च १८९७ मध्ये जनरल गॅटेकर यांच्या अध्यक्षतेखाली प्लेग समिती नेमली गेली. तिने या रुग्णालयांना उत्तेजन दिलं. पारशी, जैन, खोजा, मेमन अशा समाजांनी आपापल्या पैशातून आपापली रुग्णालयं उभी केली. पुण्यातही हिंदू प्लेग रुग्णालय निघालं आणि त्यासाठी टिळकांनी खटपट केली.

हे कशासाठी झालं, याची दोन कारणं आहेत. ती एकमेकांत मिसळू देता कामा नयेत. एक कारण माणुसकीचं होतं. गोऱ्या सोल्जराने घरात घुसून आईला ओढून नेणं कोणालाही सहन होणार नाही. आपल्या भाषेत बोलणारा, आपल्या चवीचं जेवण देणारा, नातेवाइकांना आत येऊ देणारा दवाखाना हवा असणं यात काही गैर नाही. दुसरं कारण मात्र शुद्ध जातीचं होतं. सरकारी रुग्णालयात शेजारच्या खाटेवर कोण असेल, पाणी कोण पाजेल, मेल्यावर कोण हात लावेल याची भीती होती. मरणाच्या दारातही विटाळ सुटला नव्हता.

आता हिशेब मांडा. ज्या समाजाकडे शेठ होते, गोदामं होती, पेढ्या होत्या, त्या समाजाला रुग्णालय मिळालं. गोदीतल्या हमालाला, गिरणीतल्या बदलीवाल्याला, गटार साफ करणाऱ्याला कुठलं रुग्णालय होतं? त्याच्यासाठी आर्थर रोडच उरलं. गंमत अशी, की झाडूवाले आणि हलालखोर शहर सोडून गेले तर मुंबई राहण्याजोगी उरणार नाही, ही भीती खुद्द म्युनिसिपल कमिशनरना वाटत होती. म्हणजे शहर ज्यांच्या हातावर जिवंत होतं, त्यांच्यासाठी कोणत्याही जातीने खाट राखली नव्हती.

त्याच साथीत पुण्याजवळ एक वेगळा दवाखाना चालू होता. सावित्रीमाई फुले यांचे पुत्र डॉ. यशवंत यांनी हडपसरजवळ ससाणे मळ्यात, माळरानावर तो उघडला होता. मुंढव्याच्या महारवाड्यातला पांडुरंग बाबाजी गायकवाड हा मुलगा प्लेगने आजारी असल्याचं कळताच सावित्रीमाईंनी त्याला पाठीवर घेऊन दवाखान्यात आणलं. त्यातच त्यांना प्लेगची लागण झाली आणि १० मार्च १८९७ रोजी त्यांचं निधन झालं. हा दवाखाना माळी समाजाचा नव्हता. तो फुले घराण्याचा खासगीही नव्हता. तिथे यायला रोग हा एकच दाखला पुरेसा होता. मुंबईत जाती आपापल्या खाटा वेगळ्या करत असताना हडपसरच्या माळावर एका स्त्रीने अस्पृश्य मूल अंगाला लावून घेतलं. आमच्या दृष्टीने महाराष्ट्रातल्या सार्वजनिक आरोग्याचा इतिहास इथून सुरू होतो.

हा प्रश्न फक्त आपल्याकडचा आहे असं कोणी समजू नये. त्याच दशकात अमेरिकेत इटालियन स्थलांतरितांचे लोंढे येत होते. बहुतेक जण दक्षिण इटलीतले गरीब शेतमजूर. इंग्रजी येत नाही, अंगावर मळके कपडे, काम खोदाईचं आणि हमालीचं. त्यांच्याकडे किती तुच्छतेने पाहिलं जाई, याचा दाखला म्हणजे १४ मार्च १८९१. त्या दिवशी न्यू ऑर्लिन्समध्ये जमावाने ११ इटालियनांना ठार मारलं. अशा लोकांसाठी फ्रान्सेस्का कॅब्रिनी या इटालियन जोगिणीने १८९२ मध्ये न्यूयॉर्कला कोलंबस हॉस्पिटल सुरू केलं. रुग्णाची भाषा समजणारं माणूस खाटेपाशी असणं, हीच तिथली मोठी सोय होती. ज्याला 'कुठे दुखतं' हेच सांगता येत नाही, त्याच्यावर उपचार तरी काय होणार?

पुढे काय झालं? इटालियन माणसाची पोरं इंग्रजी शिकली, नोकऱ्यांत गेली आणि गोऱ्या समाजात मिसळून गेली. त्यांना कोणत्याही दवाखान्याचं दार उघडं झालं. कोलंबस हॉस्पिटल पुढे कॅब्रिनी मेडिकल सेंटर या नावाने चाललं आणि २००८ मध्ये बंद पडलं.

आता त्याच देशातला काळा माणूस पाहा. त्याला इंग्रजी येत होती. तो कित्येक पिढ्या तिथेच राहत होता. तरी दार बंद. शिकागोत एमा रेनॉल्ड्स या काळ्या तरुणीला नर्सिंगच्या शाळांनी प्रवेश नाकारला. त्यातूनच १८९१ मध्ये डॉ. डॅनिअल हेल विल्यम्स यांनी प्रॉव्हिडंट हॉस्पिटल उभं केलं. ते काळ्यांनी काढलेलं होतं, पण तिथे काळे-गोरे डॉक्टर एकत्र काम करत आणि रुग्णांनाही रंगाची अट नव्हती. इटालियनाची अडचण भाषेची आणि गरिबीची होती, ती एका-दोन पिढ्यांत सरली. काळ्या माणसाची अडचण जन्माची होती, ती शिकूनही सरत नव्हती. आपली जात यातल्या कोणत्या खान्यात बसते, हे वाचकांना सांगण्याची गरज नाही.

ज्या न्यूयॉर्कमध्ये हे इटालियन हॉस्पिटल होतं, त्याच शहरात बाबासाहेब १९१३ ते १९१६ या काळात शिकले. परत आल्यावर देशात त्यांना काय दिसलं? 'वेटिंग फॉर अ व्हिसा' या आठवणींमध्ये त्यांनी काठियावाडातल्या एका अस्पृश्य शिक्षकाची हकिकत नोंदवली आहे. ती १९२९ मध्ये 'यंग इंडिया'त पत्ररूपाने आली होती. बाळंतीण बायको आजारी पडली. डॉक्टर वस्तीत यायला तयार नव्हता. तिला वस्तीबाहेर आणून ठेवलं तेव्हा तो आला. त्याने थर्मामीटर एका मुसलमान माणसाच्या हातात दिलं, त्याने नवऱ्याच्या हातात आणि नवऱ्याने बायकोला. त्याच वाटेने ते परत गेलं. दिव्याच्या उजेडात आकडा वाचून डॉक्टरने न्यूमोनिया सांगितला. फी मात्र त्याने घेतली. बाई वाचली नाही. तिथे डॉक्टर होता, औषध होतं, पैसेही दिले होते. फक्त हात लावायला कोणी नव्हतं.

म्हणूनच आपल्या चळवळीने मागितलं ते वेगळ्या दवाखान्याचं दान नव्हतं. ४ ऑगस्ट १९२३ रोजी मुंबई कायदे कौन्सिलात सी. के. बोले यांचा ठराव मंजूर झाला. महाडच्या चवदार तळ्यामुळे त्यातलं पाणी आपल्याला पाठ आहे. पण तो ठराव फक्त पाण्याचा नव्हता. सार्वजनिक पैशातून चालणारे पाणवठे, विहिरी आणि धर्मशाळा यांच्याबरोबर शाळा, कोर्टं, कचेऱ्या आणि दवाखानेही अस्पृश्यांना खुले करावेत, असं त्यात म्हटलं होतं. तत्त्व साधं होतं. पैसा सगळ्यांचा, तर दारही सगळ्यांना उघडं. आपला बीड जिल्हा तेव्हा निजामाच्या राज्यात होता, त्यामुळे हा ठराव इथे लागूच नव्हता. स्वतंत्र भारतात १९५५ चा अस्पृश्यता गुन्हे कायदा आला. त्याच्या ५ व्या कलमाने अस्पृश्यतेच्या कारणावरून दवाखान्यात प्रवेश नाकारणं हा सबंध देशात गुन्हा ठरला. आज हाच कायदा नागरी हक्क संरक्षण कायदा म्हणून ओळखला जातो.

अमेरिकेतही कोंडी फुटली ती याच तत्त्वाने. १९६४ च्या नागरी हक्क कायद्याने सरकारी पैसा घेणाऱ्या संस्थेला वंशभेद करायला बंदी घातली. १९६६ मध्ये वृद्धांसाठीची मेडिकेअर योजना सुरू झाली. भेदभाव चालू ठेवला तर पैसे मिळणार नाहीत, असं सरकारने बजावताच काही महिन्यांत हजारावर रुग्णालयांनी काळ्या-गोऱ्यांचे वेगळे वॉर्ड मोडले.

आता आजच्या मुंबईकडे येऊ. पारशी जनरल हॉस्पिटल १९१२ चं, प्रिन्स अली खान १९४५ चं, सैफी १९४८ चं. अशा संस्थांविषयी आमच्या मनात आकस नाही. धर्मादाय ट्रस्ट म्हणून नोंदलेल्या रुग्णालयांना करात सवलत मिळते, काहींना सरकारी जमीनही मिळालेली असते. म्हणून महाराष्ट्राच्या सार्वजनिक विश्वस्त कायद्यातलं ४१ कक हे कलम आणि मुंबई उच्च न्यायालयाने २००६ मध्ये ठरवून दिलेली योजना आपल्या प्रत्येक कार्यकर्त्याच्या तोंडावर हवी. १० टक्के खाटा निर्धनांसाठी मोफत. आणखी १० टक्के दुर्बल घटकांसाठी सवलतीच्या दरात. तातडीच्या रुग्णाला अनामत न मागता दाखल करून जीव वाचवणारे उपचार द्यायचे. यासाठी बिलांच्या २ टक्के रक्कम वेगळ्या निधीत टाकायची. जी खाट कायद्याने आपलीच आहे, ती सोडून आपण वर्गणीतून दुसरी खाट विकत घ्यायला निघालो आहोत!

शेवटी आपल्या जिल्ह्याचं बोलू. दिवाळीच्या आसपास कोयता उचलून बाहेर पडणारी आपली माणसं ही आपल्या काळातले स्थलांतरितच आहेत. मुकादमाची उचल अंगावर असते, आजारी पडून खाडा झाला की पैसे कापले जातात. म्हणून दुखणं अंगावर काढायचं किंवा कायमचं मिटवायचं. २०१९ मध्ये नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखालील समितीपुढे जे आकडे आले, त्यांनुसार बीड जिल्ह्यात पाहणी केलेल्या ८२,३०९ ऊसतोड महिलांपैकी १३,८६१ जणींची गर्भपिशवी काढलेली होती. या बायकांना दवाखाना मिळाला नाही असं नाही. दवाखाना मिळाला, पण त्यांची बाजू समजून घेणारा मिळाला नाही. मजूरमंत्री म्हणून बाबासाहेबांच्या काळात कामगार आरोग्य विम्याचा पाया घातला गेला आणि १९४८ मध्ये कायदा झाला. पण हंगामी कारखाने त्यातून वगळलेले आहेत आणि ऊसतोड कामगाराला तर कारखाना आपला कामगारच मानत नाही.

म्हणून आमचं म्हणणं असं आहे. समाजाच्या निधीतून इमारत बांधू नका, माणूस उभा करा. अंबाजोगाईच्या सरकारी मेडिकलला, बीडच्या जिल्हा रुग्णालयात, पुण्या-मुंबईच्या धर्मादाय रुग्णालयांत आपला शिकलेला कार्यकर्ता रोज हजर असला पाहिजे. तो कागद वाचेल, तहसीलदाराचा दाखला काढून देईल, शस्त्रक्रिया खरंच लागते का हे दुसऱ्या डॉक्टरला विचारेल, आणि कोणाला हाकललं तर लेखी तक्रार करेल. तो फक्त आपल्या जातीच्या रुग्णापाशी थांबणार नाही. शेजारच्या खाटेवरची वंजाऱ्याची, मराठ्याची, पारध्याची, मुसलमानाची बाईही त्याची रुग्ण असेल. आणि कधी ऐपत आलीच आणि दवाखाना काढलाच, तर बाबासाहेबांनी सिद्धार्थ आणि मिलिंद महाविद्यालयं काढली तसा काढू. संस्था आपली आणि दार सगळ्यांचं.

सावित्रीमाईंनी पांडुरंगला पाठीवर घेताना त्याची जात माहीत असूनही विचारात घेतली नाही. ते दार पुन्हा जातीच्या कुलपाने बंद करणं हा त्यांचा वारसा असू शकत नाही.

जय भीम! जय सावित्री!